आमची वाटचाल: एक प्रॉक्सी, अनेक डोमेन

सोलापुरात आमच्या फर्मची सुरुवात चादर आणि टेरी टॉवेलच्या कारखानदारांना वेबसाइट करून देण्यापासून झाली. आज डिझाइनपेक्षा जास्त वेळ जातो तो पुढच्या प्रॉक्सीवर, म्हणजे बाहेरून आलेली मागणी आधी स्वतः घेऊन मागच्या योग्य प्रोग्रामकडे देणाऱ्या मध्यस्थावर. एका सर्व्हरवर एन्जिनएक्स हा प्रॉक्सीचा प्रोग्राम, सुरक्षित साइटचा ४४३ पोर्ट त्याच्या ताब्यात आणि मागे कुणाचं ऑर्डर पोर्टल, कुणाचा स्टॉकचा प्रोग्राम.

पूर्वी प्रत्येक सुरक्षित साइटला वेगळा आयपी पत्ता लागायचा, कारण सर्टिफिकेट (साइटची ओळख पटवणारा दाखला) दाखवायची वेळ येई तोवर सर्व्हरला होस्टनेम, म्हणजे मागितलेल्या साइटचं नाव, कळलेलंच नसायचं. एसएनआय ही सोय आली आणि ब्राउझर पहिल्याच निरोपात नाव सांगू लागला. गिऱ्हाइकाचा खर्च तिथे वाचला, पण नावांचा घोळ आमच्याकडे आला. आलेलं नाव कॉन्फिगमधल्या कुठल्याच सर्व्हर-नेममध्ये (तिथे लिहिलेल्या साइटच्या नावात) बसलं नाही, तर एन्जिनएक्स त्या पोर्टवरचा पहिला ब्लॉक, म्हणजे कॉन्फिगमधली पहिली साइट, उघडतो. म्हणजे एका कारखान्याच्या डोमेनवर दुसऱ्याचेच टॉवेल! म्हणून आमच्या प्रत्येक सर्व्हरवर पहिला ब्लॉक 'डिफॉल्ट सर्व्हर' म्हणून वेगळा असतो, आणि त्यात 'एसएसएल रिजेक्ट हँडशेक' चालू, म्हणजे अनोळखी नावाची जोडणी तिथेच नाकारली जाते. ही सोय १.१९.४ आवृत्तीपासून आहे.

मागच्या बाजूच्या तक्रारी जास्त चिवट. होस्ट हेडर (ब्राउझरने मागितलेलं साइटचं नाव) मुद्दाम पुढे पाठवला नाही तर अ‍ॅपला १२७.०.०.१:८०८० हा सर्व्हरचा आतला पत्ताच आपलं नाव वाटतो, आणि पासवर्ड बदलायच्या मेलमध्ये तीच लिंक जाते. एक्स-फॉरवर्डेड-प्रोटो (ब्राउझरची जोडणी सुरक्षित होती हे मागे सांगणारा हेडर) विसरलात, तर अ‍ॅप 'एचटीटीपीएसवर या' म्हणत राहतं आणि ब्राउझर 'टू मेनी रीडायरेक्ट्स' म्हणून हात टेकतो. मागचा सर्व्हरही एचटीटीपीएसवर असेल तर 'प्रॉक्सी एसएसएल सर्व्हर नेम' चालू करा. ते मुळात बंद असतं, मग मागच्याला नाव कळत नाही आणि ब्राउझरमध्ये '५०२' एरर येतो. सर्टिफिकेटची पडताळणीही मुळात बंदच असते. ती चालू केल्याशिवाय मागच्या जोडणीला सुरक्षित म्हणण्यात अर्थ नाही.

सर्टिफिकेट लेट्स एन्क्रिप्ट या सर्टिफिकेट देणाऱ्या संस्थेचं, ९० दिवसांचं. कॉन्फिगमध्ये फुलचेन (मधल्या सर्टिफिकेटांसकटची) फाइलच द्यायची. नुसतं सर्टिफिकेट दिलं तर ऑफिसच्या कॉम्प्युटरवर साइट बऱ्याचदा उघडते, पण मोबाइलवर अडते, आणि मग भांडण मोबाइल कंपनीशी. सर्टबॉट या प्रोग्रामने नूतनीकरण केलं तरी एन्जिनएक्स रीलोड होईपर्यंत जुनंच सर्टिफिकेट दाखवतो, त्यामुळे डिप्लॉय-हुकमध्ये (नूतनीकरणानंतर आपोआप चालणाऱ्या आज्ञेत) रीलोड हवाच. बाजारातल्या सगळ्याच सर्टिफिकेटांची कमाल मुदत मार्च २०२९ मध्ये ४७ दिवसांवर येणार आहे. हे काम हाताने करण्याचे दिवस संपले.

वाइल्डकार्ड, म्हणजे डोमेनच्या अनेक सबडोमेनना चालणारं सर्टिफिकेट, एकच पायरी झाकतं. 'ऑर्डर' हे सबडोमेन त्यात येतं, 'टेस्ट.ऑर्डर' येत नाही, शिवाय वाइल्डकार्डसाठी डीएनएसमध्ये (डोमेनच्या नोंदवहीत) टीएक्सटी नोंद लागते. म्हणून डीएनएसचा ताबा गिऱ्हाइकाकडे किंवा आमच्याकडे आहे आणि साध्या सर्टिफिकेटच्या तपासणीसाठी ८० पोर्ट बाहेरून उघडा आहे, एवढं तपासल्याशिवाय आता आम्ही कोटेशनच देत नाही.