फळ्यावरची मोकळी जागा

ऑगस्ट १९८४. मी नववीत होते आणि उंच उडी सोडायची असं ठरवून सरांसमोर उभी होते. आठवीत आंतरशालेय स्पर्धेत पहिली आले होते. नववीत, आदल्या वर्षी सहज पार केलेल्या उंचीलाच तीनदा काठी पाडून बाहेर झाले. घरी कुणाशी बोललेही नव्हते.

आमच्या खेळाच्या सरांनी समजूत घातली नाही. रिकाम्या वर्गात नेलं, फळ्याच्या डाव्या टोकाला १९७२ लिहिलं, उजव्या टोकाला १९८४. मधला सगळा फळा मोकळा. मग म्हणाले, "ही दोन्ही वर्षं एकाच मुलीची. उलरिके मायफार्ट. पश्चिम जर्मनीची. परवाच लॉस एंजेलिसच्या ऑलिंपिकमध्ये उंच उडी जिंकली."

१९७२ची गोष्ट सांगताना सर खुर्चीवरून उठलेच. म्युनिकचं ऑलिंपिक, घरचंच मैदान, मुलगी १६ वर्षांची. तोवरची तिची सर्वोत्तम उडी १.८५ मीटर. समोर १.९२चा जागतिक विक्रम नावावर असलेली ऑस्ट्रियाची इलोना गुझेनबाउअर आणि बल्गेरियाची योर्दांका ब्लागोएवा. त्या दोघी १.८८वर थांबल्या. हिनं १.९० पार केलं, सुवर्ण पक्कं झालं, तरी काठी १.९२वर ठेवायला लावली आणि तेही पार करून विक्रमाची बरोबरी केली. एका संध्याकाळीत सात सेंटिमीटर! उंच उडी मारणाऱ्यालाच कळेल सात सेंटिमीटर म्हणजे काय; आम्ही एकेका सेंटिमीटरसाठी अख्खा हंगाम घालवायचो.

उडी होती फॉस्बरी फ्लॉप. वळण घेत धावत यायचं, काठीकडे पाठ करून उडायचं, आधी डोकं न्‌ खांदे, मग कंबर, शेवटी पाय. पाठीची कमान नीट जमली तर शरीराचा गुरुत्वमध्य काठीच्या खालून जातो आणि शरीर वरून. सरांनी ते खडूनं काढून दाखवलं. आम्हाला मात्र ती उडी मारायला सक्त मनाई होती. पाठीवर पडायला जाड गादी लागते. आमच्याकडे वाळूचा खड्डा. आम्ही कात्री उडीवाल्या, एकामागून एक पाय काठीवरून टाकून पायांवर उतरणाऱ्या.

मग सर मोकळ्या जागेकडे आले. १९७६, माँट्रियल : मायफार्टला अंतिम फेरीही गाठता आली नाही. १९८० : पश्चिम जर्मनीचा मॉस्कोवर बहिष्कार, जायचंच नाही. दरम्यान खेळ पुढे निघून गेला. पूर्व जर्मनीच्या रोझमारी आकरमाननं १९७७मध्ये २ मीटर पार केले, पुढच्या वर्षी इटलीच्या सारा सिमेओनीनं २.०१. सोळाव्या वर्षी ऑलिंपिक विजेती झालेली मुलगी विशीत पोचेपर्यंत मागे पडली होती. रोज सरावाला जाताना तिला काय वाटत असेल, हे मी त्या दिवशी पहिल्यांदा मनात आणलं. आजही मला तिची दोन सुवर्णं एवढी भिडत नाहीत, जेवढी ही वर्षं भिडतात.

१९८२मध्ये अथेन्सच्या युरोपियन स्पर्धेत तिनं २.०२चा जागतिक विक्रम केला. पहिल्या विक्रमानंतर दहा वर्षांनी! १९८३मध्ये हेलसिंकीच्या पहिल्या जागतिक स्पर्धेत सोव्हिएत संघाच्या तमारा बिकोवानं तिला हरवलं. त्याच महिन्यात लंडनला दोघींनीही २.०३ पार केलं, आणि काही दिवसांतच बिकोवा २.०४वर गेली. लॉस एंजेलिसला बिकोवा नव्हती. या वेळी बहिष्कार सोव्हिएत संघाचा होता. ती असती तर काय झालं असतं, हा प्रश्न मी नंतर कित्येकदा स्वतःला विचारला आहे. पण लॉस एंजेलिसला तिनं मारली तशी २.०२ची उडी कुणी आलं नाही म्हणून मिळत नाही, ती मारावीच लागते. शिवाय समोर सिमेओनी होतीच, मॉस्कोची विजेती, आणि तीही २ मीटरपर्यंत गेली. म्युनिकच्या वेळी मायफार्ट या प्रकारातली सर्वांत लहान ऑलिंपिक विजेती होती. १९८४मध्ये, २८व्या वर्षी, तोवरची सर्वांत मोठीही तीच ठरली.

पुढे बल्गेरियाच्या स्तेफ्का कोस्तादिनोवाचं २.०९ आलं, ते १९८७पासून जवळजवळ ३७ वर्षं टिकलं आणि २०२४मध्ये युक्रेनच्या यारोस्लावा माहुचिखनं २.१० केलं. त्या दिवशी सरांना फोन करावासा वाटला. सर आता नाहीत.

त्या संध्याकाळी त्यांनी फळा पुसला नाही. मला घेऊन मैदानावर आले, स्वतः वाळू खणून मोकळी केली आणि काठी माझ्या पडलेल्या उंचीपेक्षा बरीच खाली लावली. इतकी खाली की मला लाज वाटली. "इथून," एवढंच म्हणाले. मी मागे जाऊन पावलं मोजायला लागले.