आंगणातले त्रिकोण: गाडी विशालकोनापर्यंत

समभुज, समद्विभुज, काटकोन आणि ४-५-६ मीटरचा विषमभुज लघुकोन मुरमाच्या आंगणात फक्कीनं आखून झाले. आता विशालकोन सुरू आहे.

दोरीचं आधी. सुतळी वापरू नये. ओल लागली की आखडते, ओढली की लांबते. बांधकामाची बायंडिंग तार किंवा स्टीलचा टेप घ्यावा. ३-४-५ मीटर बाजूंच्या काटकोन त्रिकोणासाठी दोरीला गाठी मारल्या तर प्रत्येक गाठ थोडी दोरी खाते, म्हणून रंगीत धागा गुंडाळून खुणा कराव्या. वावरातली काळी माती भेगाळली की खुंटी डुलते. आंगण किंवा टणक खळंच बरं.

समभुज सोपा. बाजू २ मीटर असेल, तर प्रत्येक बाजूच्या मध्यापासून समोरचं टोक १.७३ मीटरवर यायला हवं. तिन्ही मापं घ्यावीत, एकावर थांबू नये.

काटकोनाची आमची आवडती तपासणी अशी: कर्णाचा मध्य काढायचा, तिथून तिन्ही शिरोबिंदू २.५ मीटरवरच यावेत. ३ आणि ४ च्या बाजू बरोबर असून कर्ण ५ सेंमी जास्त झाला, तर कोन ९१.२ अंशांचा होतो. कागदावर ते दिसतही नाही, पण ४० मीटरच्या ओळीच्या टोकाला ८४ सेंमीचा फरक पडतो. कपाशी लावायला वावरात उभ्या-आडव्या रेघांची फुली पाडणाऱ्याला हे सांगायला नको.

विशालकोनासाठी ३-४-६ घेतला. ९ आणि १६ मिळून २५, ते ३६ पेक्षा कमी, म्हणून ३ आणि ४ मधला कोन काटकोनाहून मोठा, सुमारे ११७ अंश. ४ ची बाजू पाया धरली तर शिरोलंब, म्हणजे समोरच्या टोकातून पायावर टाकलेला लंब, त्रिकोणाच्या बाहेर पडतो. पाया विशालकोनाच्या बाजूनं १.३७५ मीटर वाढवा. तिथून उंची २.६७ मीटर भरते. मुलं लंब आतच शोधत बसतात, त्यांना पाया वाढवून दाखवावा.

५-५-९.८ मात्र छळतो. पायाच्या दोन्ही टोकांवरून ५ मीटरनं काढलेले कंस एकमेकांना जवळजवळ घासून जातात, छेदबिंदू नेमका सापडत नाही. दोन्ही बाजू फक्त १ सेंमीनं लांबल्या तरी उंची ९९.५ वरून १०४ सेंमीच्या पुढे जाते. म्हणून इथं कंस सोडून द्यायचे: पायाच्या मध्यावर ३-४-५ नं लंब उभा करायचा, त्यावर ९९.५ सेंमी मोजायचे, मग दोन्ही बाजू ५ मीटर भरतात का ते टेपनं पाहायचं. पुढची आखणी याच रीतीनं.