गुहेतली गोम तज्ज्ञांकडे पाठवताना: माझा अनुभव

गुहेत शिरायची परवानगी मिळाली, नमुना घ्यायची मिळाली, गोम सापडली, कुपीत गेली. यात फारसं अडलं नाही. अडलं ते ती कुपी तज्ज्ञांकडे पाठवताना, एका कुरिअरच्या काउंटरवर. तिथे सात आठवडे गेले. आठवलं की अजूनही चिडचिड होते, म्हणून लिहिते आहे.

गोम जेमतेम तीन सेंटिमीटरची, फिकट, मिशा दोऱ्यासारख्या लांब. ती जिओफिलस गटातली वाटत होती, आणि या गटातल्या गोमींना डोळे नसतातच, अगदी बागेतल्या मातीत राहणाऱ्यांनाही. त्यामुळे डोळे नाहीत म्हणून ती फक्त गुहेतच राहणाऱ्या जातीची, असं ठरत नाही. बघायचं ते मिशा, पाय आणि नख्या किती लांबल्या आहेत. क्रोएशियाच्या वेलेबिट डोंगरात लुकिना यामा या गुहेत ११०० मीटर खोलीवर मिळालेली जिओफिलस हेडेसी २०१५ मध्ये जगापुढे आली. तिच्या पायांच्या ३३ जोड्या आहेत, आणि तिच्यातही हाच लांबटपणा दिसतो. म्हणजे माझ्या नमुन्याची एक मिशी तुटली तरी अर्धा पुरावा गेला.

काउंटरवर मी खरं ते सांगितलं: कुपीत इथेनॉल आहे, म्हणजे नमुना टिकवायचं अल्कोहोल. "ज्वलनशील पदार्थ घेत नाही," विषय संपला. पुढच्या आठवड्यात विद्यापीठाचं पत्र घेऊन गेले. पत्र न वाचता परत. तिसऱ्या वेळी तिथल्या माणसाने तोडगा काढला, "मॅडम, ते पाणी ओतून टाका आणि कोरडंच पाठवा ना." माझ्या हातातली कुपी मी नकळत मागे घेतली. वाळलेली गोम सुरकुतते, पाय आत वळतात, हात लागला की मिशा मोडतात. वर्षभराची मेहनत त्या एका वाक्यात जाणार होती. तरी मी समजावत बसले. रांगेतले लोक मागून घाई करत होते. पुढचे तीन आठवडे "साहेब आले की विचारतो" यावर गेले.

खरं तर नियम आधीपासून आहे. आयाटा या विमान कंपन्यांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या विमानवाहतुकीच्या नियमांत ए १८० नावाची खास तरतूद आहे, संशोधनाच्या नमुन्यांसाठीच. एका कुपीत ३० मिलिलिटरपेक्षा जास्त अल्कोहोल नको, आणि पूर्ण खोक्यात एक लिटरपेक्षा जास्त नको. कुपी प्लास्टिकच्या पिशवीत घालून पिशवी उष्णतेने बंद करायची. ती दुसऱ्या पिशवीत, सोबत द्रव शोषून घेणारं काहीतरी, आणि मग भक्कम खोकं. खोक्यावर संशोधनाचे नमुने, निर्बंध नाहीत, ए १८० लागू, हे इंग्रजीत लिहायचं. हे पान छापून नेलं आणि धोकादायक मालाचं काम बघणारी व्यक्ती कोण, एवढंच विचारलं. त्या बाईंनी पान वाचलं, खोकं उघडून बघितलं आणि वीस मिनिटांत पावती दिली. तुम्ही पहिल्याच दिवशी त्याच व्यक्तीला फोन करा. तरतूद असली तरी काही कंपन्या घेत नाहीत, तेही फोनवरच कळतं.

आता आठवलं ते: कुपीतली चिठ्ठी पेन्सिलने लिहा. बॉलपेनची शाई अल्कोहोलमध्ये उतरते, आणि गुहेचं नाव, खोली, तारीख गेली की नमुन्याला काही किंमत उरत नाही. चिठ्ठी कुपीच्या आत हवी, बाहेर चिकटवलेली नको. आणि सगळा नमुना ९६ टक्के इथेनॉलमध्ये ठेवू नका, तो ठिसूळ होतो. मी मधले दोन पाय डीएनएसाठी वेगळ्या कुपीत ९६ टक्क्यांत ठेवले, बाकी शरीर ७० टक्क्यांत. शेवटची जोडी मात्र काढायची नाही, ओळख पटवताना ती लागते.

कुपी काठोकाठ भरा. आत हवेचा बुडबुडा राहिला तर तो वाटभर इकडून तिकडे फिरतो आणि मिशांना धक्के देतो. हे मला तज्ज्ञांनीच सांगितलं होतं.

परवा त्यांचा निरोप आला. नमुना पोहोचला, दोन्ही मिशा शाबूत. जात ठरायला वेळ लागेल. तो वाट बघण्याचा काळ मला मुळीच जड जाणार नाही.