गारनाद

गेल्या डिसेंबरपासून डोक्यात एक विद्या घोळतेय, मी तिला गारनाद म्हणते, म्हणजे आवाज आणि थंडी वापरून आठवण जपून ठेवायची जादू, माझ्या गोष्टीतली. सुचली गच्चीवर. पहाटे पाचला नाशिकरोडच्या गाडीचा हॉर्न इंदिरानगरपर्यंत अगदी स्पष्ट आला, एरवी दिवसा कुठे येतो! कारण थंडीत पहाटे जमिनीलगतची हवा गार आणि वरची त्यापेक्षा उबदार असते, त्यामुळे आवाज वर निसटून न जाता खाली वाकतो, शिवाय गार हवेत हळूही चालतो, २० अंशाला सेकंदाला ३४३ मीटर आणि शून्याला ३३१. मग वाटलं, इतकं गार केलं की आवाज थांबूनच राहिला तर?

तर गारनादवाली बाई काशाची वाटी पाण्याने अर्धी भरते, कडेवर रवीचा दांडा हलकेच मारते आणि घुमणं विरायच्या आत आठवण बोलून टाकते. पाण्यावर बर्फाची पातळ साय धरते, आठवण तिच्यात. ऐकायची तर ती साय जिभेवर ठेवायची, पण एकदाच, मग संपली.

निफाडला कडाका पडला की द्राक्षबागांत शेकोट्या पेटतात, मणी तडकू नयेत म्हणून. गोष्टीत त्याच धगीने शेजारच्या घरातली वाटी वितळते आणि चूक कुणाचीच नसते. हे लिहिताना मला खरंच रडू आलं.

पहिली वाटी मी आजीची ठेवलीय. "अगं, स्वेटर घातलास का?" शेवटचा का जरा लांबवून.