टेंडनच्या आत काय चाललेलं असतं

बेळगावात उद्यमबागच्या फाउंड्रीत आमचे काका मोल्डिंगला होते, आयुष्यभर साच्यात वाळू ठोकली, आता शर्टाच्या बाहीत हात घालायचा तर दुसऱ्या हातानं कोपर उचलून धरतात. "झिजलंय ते, आता काय हुतंय" असं म्हणतात आणि मला ते अजिबात पटत नाही, कारण खांद्यातलं टेंडन, म्हणजे स्नायू हाडाला जोडणारा पट्टा, हा नुसता दोरखंड नव्हे, त्यात जिवंत पेशी आहेत.

कोलॅजन नावाच्या प्रथिनाच्या धाग्यांमध्ये रांगेनं बसलेल्या या टेनोसाइट पेशींना ताण कळतो आणि त्या डागडुजी करत राहतात, पण किती सावकाश बघा. २०१३ साली डेन्मार्कच्या संशोधकांनी, अणुचाचण्यांमुळे हवेत वाढलेल्या कार्बन-१४ वरून टाचेमागचं अकिलीस टेंडन तपासलं, तर गाभ्यातलं कोलॅजन साधारण १७ व्या वर्षानंतर जवळपास बदललेलंच नव्हतं! म्हणजे तरुणपणीचेच धागे साठीतही ओझं ओढतायत. त्यात बारीक बारीक इजा साठल्या की दुखावलेल्या पेशी धोक्याचे रेणू सोडतात, मग मॅक्रोफेज, मास्ट सेल, टी सेल असा रोगप्रतिकारक (इम्यून) पेशींचा सगळा लवाजमा जमतो, इंटरल्यूकिन-१ बीटा, इंटरल्यूकिन-६ असले दाहाचे रासायनिक निरोप सुटतात आणि टेनोसाइट मजबूत टाइप १ कोलॅजन सोडून विस्कटलेलं टाइप ३ जास्त बनवायला लागतात. नव्या रक्तवाहिन्या शिरतात, सोबत मज्जातंतूही.

कितीतरी वर्षं डॉक्टर लोक म्हणायचे की यात दाह नसतोच, नुसती झीज, कारण ऑपरेशनमध्ये मिळणारे तुकडे आजाराच्या शेवटच्या टप्प्यातले असायचे. सुरुवातीच्या टप्प्यातले नमुने बघितले तेव्हा इम्यून पेशी सापडल्या. मला वाटतं खरी गोम इथंच आहे, दाह सुरू होणं दुरुस्तीला लागतंच, पण तो आवरणारे मॅक्रोफेज आणि रेग्युलेटरी टी सेल कमी पडले की काम अर्धवट राहतं. शुगर असेल तर आणखी पंचाईत, साखर कोलॅजनला चिकटून धागे ताठर होतात. काकांना शुगर आहेच.

स्टिरॉइडच्या इंजेक्शननं काही आठवडे बरं वाटतं, पण टेनिस एल्बोत, म्हणजे कोपराच्या टेंडनच्या दुखण्यात तरी पुढं जाऊन इंजेक्शन न घेतलेल्यांचीच तब्येत जास्त चांगली दिसली. हळूहळू वाढवत नेलेला भार मात्र पेशींना कळतो, म्हणून फिजिओ सांगतात तो व्यायाम बारा-बारा आठवडे चालतो, पंधरा दिवसांत सोडू नका. आणि सिप्रोफ्लॉक्सासिनच्या वर्गातलं अँटिबायोटिक चालू असताना टाच किंवा खांदा अचानक दुखला तर डॉक्टरांना लगेच सांगा, टेंडन तुटण्याचा ठळक इशारा अमेरिकेत या औषधांवर २००८ पासून आहे.