आज्जीबरोबर बघितलेला मुका पिक्चर

रविवारी तांबडा रस्सा हाणून सगळे आडवे झालेले आणि मला काय झोप येईना, म्हणून लॅपटॉपवर कार्ल ड्रायरचा १९२५ चा डॅनिश मूकपट लावला, 'मास्टर ऑफ द हाऊस'. आज्जी शेजारी वाती वळत बसलेली. पाट्या इंग्रजीत, मी आपलं मराठीत वाचून दाखवत होतो, दहा मिनिटांत म्हणाली, "गप रं, कळतंय मला."

गोष्ट साधीच. व्हिक्टरचा धंदा बुडालाय आणि तो सगळा राग घरात काढतोय, वाळत घातलेल्या कपड्यांवरनं कटकट, पोराला कोपऱ्यात उभं करणं, आणि बायको आयडा पहाटेपासून राबतीय. दारू नाही, बाहेर बाई नाही, नुसती पिरपिर. मला वाटतं म्हणूनच जास्त टोचतं.

एका ठिकाणी आयडा स्वतःच्या ब्रेडवरचं लोणी सुरीनं खरवडून नवऱ्याच्या ब्रेडला लावते. बास, एवढंच. आज्जीचा हात थांबला. "आमच्यात बी फोडी समद्या बाप्यांच्या ताटात, आमाला नुसता रस्सा, त्यो बी पाणी घालून वाढवलेला." मी दुपारी दोनदा फोडी मागून घेतलेल्या, गप्प बसलो.

त्याच साली आपल्या कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश' हा मूकपट आला. खरी कॉर्नरला त्यांच्या आठवणीसाठी उभारलेल्या कॅमेऱ्यावरनं रोज गाडी काढतो मी आणि बघत बसलोय डेन्मार्कचं! पण पेंटरांच्या पिक्चरात छळणारा निदान सावकार तरी आहे, इथं घरचाच माणूस.

आणि ते घर खोटं आहे हे आज्जीला शेवटपर्यंत पटलं नाही. खऱ्या फ्लॅटमध्ये शूटिंग जमेना म्हणून ड्रायरनं स्टुडिओत तसंच्या तसं घर बांधून घेतलं, गॅस, नळ सगळं चालू, त्यामुळं आयडाचे स्वयंपाकघरातनं बाहेरच्या खोलीत चाललेले हेलपाटे अक्षरशः मोजता येतात.

पुढं ती आजारी पडून विश्रांतीला जाते आणि मॅड्स नावाची म्हातारी, जिनं व्हिक्टरला लहानपणी सांभाळलेलं, ती त्याला घरकामाला जुंपते. शेवटी त्यालाच कोपऱ्यात उभं करते, भिंतीकडं तोंड करून! आज्जी इतकी हसली की वातींचं ताट सांडलं. मग आयडा परत येते, सगळं गोड. मला ते जरा घाईत उरकल्यासारखं वाटलं.

आज्जी वाती गोळा करत म्हणाली, "लवकर सोडला त्याला. अजून म्हैनाभर उभा करायचा."