थपडीनंतरच्या फ्रेम

आकी काउरिस्मॅकीच्या ‘द मॅच फॅक्टरी गर्ल’ या फिनिश चित्रपटाची (१९९०) मराठी सबटायटल्स पुरी झाली होती. शेवटच्या तपासणीला बसले आणि थपडीच्या प्रसंगाशी फाइल थांबवली.

आगपेट्यांच्या कारखान्यातली ईरिस पगारातून लाल झगा घेते. घरी सावत्र बाप थोबाडीत देतो आणि एकच शब्द बोलतो, ‘हुओरा’. मी ‘वेश्या’ लिहिलं होतं. तो छापील शब्द आहे, हात उगारलेल्या माणसाच्या तोंडी येत नाही. ‘रांड’ केलं. खरी चूक मात्र वेळेची होती. सॉफ्टवेअरमध्ये किमान २ सेकंद लावलेले. शब्द संपून गेला तरी अक्षरं खालीच, म्हणजे प्रेक्षकाची नजरही खालीच. ईरिस झालेल्या काती ओउतिनेनचा अभिनय तर शब्द संपल्यावर सुरू होतो! हाताची हालचाल नाही, भुवई हलत नाही. जे घडतं ते डोळ्यांत.

मग पूर्ण फाइल पुन्हा बांधली. सेकंदाला २४ फ्रेम. आवाज थांबल्यावर ६ फ्रेम ठेवून सबटायटल उतरवायचं, पण एकूण २० फ्रेमपेक्षा कमी नाही. शॉट बदलण्याआधी २ फ्रेम मोकळ्या. एका शब्दाला हे पुरतं. पाच शब्दांचं वाक्य मात्र तेवढ्यात वाचून होत नाही, तिथे वाक्यच छाटावं लागतं.

दुसरी दुरुस्ती भाषेची. ‘मी आहे’ याला हेलसिंकीत लोक बोलताना ‘मॅ ओन’ म्हणतात. काउरिस्मॅकीची पात्रं पुस्तकी ‘मिनॅ ओलेन’ म्हणतात, आणि ओउतिनेन ते सपाट, न सजवता बोलते. मी ‘केलं’, ‘मला नकोय’ असं घरगुती लिहिलं होतं. त्यानं ईरिस फार जवळची वाटू लागली. सगळीकडे ‘केले’, ‘मला नको’ केलं आणि तिचं एकटेपण परत आलं.

हा संयम ओउतिनेननं कमावलेला आहे. नाट्य अकादमीत ती नाट्यदिग्दर्शक योउको तुर्काच्या हाताखाली शिकली. तिथली पद्धत मात्र याच्या उलट, घाम गाळणारी, ओरडणारी. काउरिस्मॅकीच्या १९८६च्या ‘शॅडोज इन पॅरडाइज’मध्ये ती सुपरमार्केटची कॅशियर आहे, आणि तिथेच तिचं हे थांबणं दिसू लागतं. ‘द मॅन विदाउट अ पास्ट’साठी २००२मध्ये तिला कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

संध्याकाळी काउरिस्मॅकीचाच ‘ड्रिफ्टिंग क्लाउड्स’ (१९९६) घेतला. त्यातली मुख्य भूमिका त्याचा नेहमीचा नट मात्ती पेलोनपॅ याच्यासाठी होती. १९९५मध्ये तो गेला आणि ती ओउतिनेनसाठी नव्यानं लिहिली गेली. चित्रपटात ती आपल्या गेलेल्या मुलाच्या फोटोकडे बघते. तो फोटो पेलोनपॅच्या लहानपणीचा आहे. इथे खाली एक ओळ खुलासा घालावा, असं सकाळी ठरवलं होतं. तो खुलासा कार्यक्रमपत्रिकेत टाकला. पडद्यावर तिथे काही नाही.